आज्जीच्या आवाजावर दुसऱ्याचा आवाज

सीमाभागावरचा कुठलाही माहितीपट लावा आणि डोळे मिटून ऐका. आधी तुतारी वाजते. मग एक भारदस्त पुरुषी आवाज १९५६ सालापासून, म्हणजे बेळगावचा भाग म्हैसूर राज्यात (आजच्या कर्नाटकात) गेला तेव्हापासून, सांगायला सुरुवात करतो. मध्ये घोषणांचा तुकडा, एखाद्या नेत्याचं वाक्य, थोडी बासरी आणि पुन्हा तोच आवाज. माहितीपट कन्नड असेल तर भाषा बदलते, तुतारीच्या जागी दुसरं वाद्य येतं, पण घडण तीच राहते. अर्धा तास ऐकून उठलात तरी बेळगाव, खानापूर किंवा निपाणीच्या एका साध्या माणसाची सलग चार वाक्यं तुमच्या कानावर पडलेली नसतात.

मला याचा राग येतो, आणि तो का येतो हे नीट मांडावं म्हणून हे लिहिते आहे. आमच्या भागाची संस्कृती डोळ्यांना फारशी सापडत नाही. खानापूर तालुक्यातलं मराठी घर आणि त्याच्या भिंतीला लागून असलेलं कन्नड घर कॅमेऱ्यातून पाहिलं तर सारखंच दिसतं. तीच कौलं, तेच इरकल लुगडं, तीच भाकरी, दारात तशीच तुळस. आमच्यातला फरक ऐकू येतो आणि आमची मिसळणही ऐकूच येते. म्हणून इथे येणाऱ्या माहितीपटकाराने कामाची सुरुवात कानापासून करायला हवी. जो इथल्या आवाजावर निवेदन चढवतो, तो जे टिपायला आला तेच पुसून परत जातो.

माझं आजोळ खानापूर तालुक्यात, नंदगडच्या बाजूला. काही वर्षांपूर्वी एका वाहिनीची मंडळी तिथे चित्रीकरणाला आली. 'सीमेवरची मराठी माती' असा काहीसा विषय होता. आज्जीला तुळशीपुढे बसवलं. समोरची भाताची गिरण तासभर बंद ठेवायला सांगितली. कोंबड्या हाकलल्या. आज्जी बोलू लागली ती तिच्या नेहमीच्या पद्धतीने, म्हणजे दोन वाक्यं मराठीत, मध्येच शेजारणीचं बोलणं जसंच्या तसं कन्नडमध्ये, मग पुन्हा मराठी. दिग्दर्शक तरुण होता, वागायला सभ्य होता. तो म्हणाला, "आज्जी, फक्त मराठीत सांगा ना." आज्जी थांबली. जरा वेळाने बोलली, पण शाळेत उभं राहून धडा म्हटल्यासारखं. त्या आवाजात ती नव्हती.

तयार झालेल्या फिल्ममध्ये ती जेमतेम दहा-बारा सेकंद दिसते. तिचे ओठ हलतात आणि त्यावर निवेदक सांगतो की या मातेच्या डोळ्यांत आजही महाराष्ट्रात जाण्याचं स्वप्न आहे. आज्जी त्या दिवशी पाऊण तास मुख्यतः गाभण म्हशीबद्दल आणि १९७२ च्या दुष्काळात कन्नड शेजाऱ्यांनी उसन्या दिलेल्या जोंधळ्याबद्दल बोलली होती. तिला महाराष्ट्र हवा होता का? हवा होता, तेही ती बोलली होती, आणि तिच्या शब्दांत ते निवेदकापेक्षा कितीतरी ठसठशीत होतं. ते कुणी ठेवलं नाही.

ही निवेदनाची सवय कुठून आली? आपल्याकडे ती सरकारी अनुबोधपटांनी लावली. फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली सुरू झालं आणि पुढे कितीतरी वर्षं चित्रपटगृहात मुख्य सिनेमाच्या आधी त्यांचा पट दाखवणं सक्तीचं होतं. एकच चित्रफीत आणि तिच्यावर वेगवेगळ्या भाषांतलं निवेदन. देश मोठा, भाषा अनेक, तेव्हा ती सोय होती. शिवाय यंत्रांचीही अडचण होती. चित्रासोबत जागेवरचा आवाज घ्यायचा तर जड सामान लागे, म्हणून बहुतेक जण मुकं चित्र घेऊन यायचे आणि नंतर खोलीत बसून त्याला तोंड द्यायचे. १९५१ साली स्टीफन कुडेल्स्कीने स्वित्झर्लंडमध्ये 'नाग्रा' हे खांद्याला लावून नेता येणारं ध्वनिमुद्रण यंत्र बनवलं आणि पुढच्या दहाएक वर्षांत हे बदललं. १९६० च्या सुमारास फ्रान्समध्ये जाँ रूश हे माहितीपटकार आणि त्यांचे सोबती रस्त्यावर उतरून माणसांना त्यांच्याच आवाजात बोलू देऊ लागले. आज तेवढं काम खिशातला फोन करतो. अडचण संपून जमाना झाला, सवय मात्र चिकटून राहिली.

उलट्या दिशेने आलेला एक माणूस मला फार जवळचा वाटतो. देबेन भट्टाचार्य हे १९२१ साली वाराणसीत जन्मलेले बंगाली गृहस्थ. १९४९ मध्ये लंडनला गेले, रेडिओसाठी काम करू लागले आणि १९५५ मध्ये ध्वनिमुद्रणाचं सामान गाडीत टाकून युरोपातून खुष्कीच्या मार्गाने भारताकडे निघाले. वाटेत तुर्कस्तान, अरब मुलुख, इराण असं करत, जिथे लोक गात होते तिथेच बसून त्यांनी गाणी टिपली. कुणाच्या घरी, कुणाच्या तंबूत, कुठे रस्त्याकडेला. फिल्म्स त्यांनी नंतर केल्या. आधी कान तयार झाला, मग डोळा. हा क्रम मला महत्त्वाचा वाटतो. आवाजापासून निघालेल्या माणसाला समोरच्याला बोलू द्यावंच लागतं, कारण तो गप्प झाला तर हाताशी काहीच उरत नाही. चित्रापासून निघालेल्याला ती गरज नसते. सुरकुतलेला चेहरा आणि मावळतीचा उजेड मिळाला की त्याचं भागतं.

आणि ऐकणं म्हणजे काय हे शिकायला इतकं दूर जायचीही गरज नाही. कुमार गंधर्व याच जिल्ह्यातले. १९२४ साली बेळगावजवळच्या सुळेभावीत, कन्नड घरात जन्म. शिक्षण मुंबईत देवधर मास्तरांकडे. पुढे क्षय झाला, देवासला राहावं लागलं आणि काही वर्षं गाणं पूर्ण बंद झालं. त्या काळात खाटेवर पडल्या पडल्या ते बाहेरून येणारी माळव्याच्या बायकांची गाणी ऐकत राहिले. त्या धुनांतून त्यांनी पुढे नवे राग काढले, त्यांना ते 'धुनउगम' म्हणत. ज्याला गायची मनाई होती त्या गवयाने वर्षानुवर्षं दुसऱ्याचं ऐकलं. आमच्याकडे येणारं युनिट दोन दिवस थांबतं आणि त्यातला अर्धा दिवस किल्ल्यावर ड्रोन उडवण्यात जातो.

इथे ऐकण्यासारखं काय आहे असं कुणी विचारलं तर मी त्याला आधी खानापूरच्या बसमध्ये बसवीन. कंडक्टर ओरडतो, "मुंद होग्री, मुंद होग्री," म्हणजे पुढे सरका. मांडीवर भाजीची बुट्टी घेतलेली बाई म्हणते, "सरकतो की हो, पाय ठेवायला जागा तरी दे." कुणी कुणाचं भाषांतर करत नाही. बेळगावच्या बाजारात "एष्ट री?" असं विचारलं की "तीसला देतो, घ्या" असं उत्तर येतं, आणि पुढची घासाघीस कोणत्या भाषेत होईल ते दोघांपैकी कोण अधिक चिवट यावर ठरतं. आज्जी म्हशीला "बा, बा" म्हणून बोलवायची आणि नातवाला "ये रे". म्हैस कन्नड आणि नातू मराठी, असा आमच्या घरातला कारभार. पहाटे कॅम्पातून मराठा लाइट इन्फंट्रीच्या केंद्राचा बिगुल येतो, त्याच वेळी कुठे बांग, कुठे भूपाळी. बेळगावातल्याच वडगाव-शहापूरच्या गल्ल्यांत मागांची खटखट असते. मागावर बसणारे तिच्या वरताण बोलायला शिकतात, म्हणून त्यांचा आवाज घरी आल्यावरही चढाच राहतो. हे त्या लोकांच्या कामातून आलेलं आहे. ध्वनिमुद्रण करणारा त्या खटखटीला 'नॉइज' म्हणतो आणि संगणकावर एक कळ दाबून काढून टाकतो. मग विणकर शांत खोलीत बसून उगाच ओरडतो आहे असं वाटतं.

आणि आमची मराठी. आमच्याकडे बायकाही "मी जातो, मी करतो" म्हणतात. "देऊन सोड", "सांगून सोडलो" हा 'सोडणं' कन्नडच्या 'बिडु'चा सख्खा भाऊ आहे. पुण्याला शिकायला गेले तेव्हा पहिल्याच आठवड्यात वसतिगृहात मी "मी आंघोळ करून येतो" म्हणाले आणि खोली हसली. त्यानंतर दोन वर्षं मी मोजूनमापून बोलले. उर्वरित महाराष्ट्राला बेळगावचा सूर माहीत आहे तो प्रामुख्याने पु. ल. देशपांड्यांच्या रावसाहेबांमुळे. पु. ल. बेळगावच्या राणी पार्वतीदेवी कॉलेजात शिकवत होते, तो सूर त्यांनी प्रेमाने ऐकला होता आणि तितक्याच प्रेमाने ऐकवला. त्यांचं ऋण आहेच. पण एका अख्ख्या भागाचा आवाज एकाच आवडत्या माणसाच्या विनोदी लेखात राहावा आणि पन्नास-साठ वर्षांत त्याच्या शेजारी दुसरं काही उभं राहू नये, हा दोष आमचा आहे. लोक हसतात कारण त्यांनी आमचा सूर रडताना, भांडताना, हिशेब करताना किंवा मयताच्या घरी बोलताना कधी ऐकलेला नाही.

एक अपवाद सांगायलाच हवा. दीपा धनराज आणि त्यांच्या सोबत्यांनी १९८० मध्ये बंगळुरात 'युगांतर' नावाचा गट सुरू केला. त्यांनी १९८२ साली निपाणीच्या तंबाखू वखारीत काम करणाऱ्या बायकांवर माहितीपट केला. त्या बायका संघटित झाल्या, मालकांशी भांडल्या, संपावर गेल्या, ती हकिकत त्यात आहे. ती फिल्म कामगार बायकांना सोबत घेऊन, त्यांच्याच सांगण्यातून घडवलेली आहे. निपाणीचं नाव वर्तमानपत्रात यायचं ते सीमाप्रश्न आणि तंबाखूचा भाव या दोन कारणांनी. वखारीतल्या बाईच्या तोंडून मजुरी, खोकला, मुकादम हे शब्द ऐकले की कळतं, तिच्या दिवसात हा वाद कितीसा होता आणि बाकी काय काय होतं. चाळीस वर्षांहून अधिक काळ गेला. त्या तोडीचं दुसरं काम आमच्या भागात माझ्या पाहण्यात नाही.

आता आक्षेपाकडे येते. तो मी परक्यांकडून नाही, आपल्याच माणसांकडून ऐकला आहे. महाराष्ट्र एकीकरण समितीच्या कामात आयुष्य घालवलेले एक वयस्कर गृहस्थ मला म्हणाले, "पोरी, तू हे कन्नड-मराठी मिसळलेलं टिपत फिरशील, आणि उद्या तेच आमच्यापुढे ठेवतील. म्हणतील, बघा, हे तर कन्नड बोलतात." त्यांची भीती मी हसण्यावारी नेत नाही. १ नोव्हेंबर १९५६ पासून या माणसांनी मोर्चे काढले, लाठ्या खाल्ल्या, जेल भोगली. बेळगाव महाराष्ट्राला न देणारा १९६७ चा महाजन आयोगाचा अहवाल त्यांनी पचवला, २००४ पासून सर्वोच्च न्यायालयातल्या दाव्याकडे डोळे लावून बसले. या सगळ्यात पुरावा म्हणून चाललं ते कागदावरचं. जनगणनेतला मातृभाषेचा रकाना, शाळेचे दाखले, सात-बारा. त्या रकान्यात माणशी एकच मातृभाषा लिहावी लागते. त्या हिशेबात आज्जीची म्हैस अडचणीची ठरते.

तरीही मला ते पटत नाही. कारण जे खरं आहे ते लपवून मांडलेला हक्क पहिल्याच उलटतपासणीत लटका पडतो. शेजाऱ्याची भाषा येते म्हणून आपली सुटते असं जगात कुठेच होत नाही. मराठीत शाळा हवी, मराठीत सरकारी कागद हवा, दुकानावर मराठी पाटी लावता यावी, या मागण्या आज्जीला कन्नड येत होतं म्हणून तसूभरही कमी होत नाहीत. उलट, जिला कन्नड येतं तीही मराठी कागद मागते, तेव्हा तो हट्ट नसून तिची गरज आणि तिचा हक्क आहे हे अधिक स्पष्ट होतं. आणि दुसरं असं की शुद्ध करून दाखवलेली मराठी आमची नसतेच. ती पुण्याची असते. 'आमची भाषा जपा' असं म्हणत आम्ही आमच्याच म्हाताऱ्यांना दुसऱ्यांच्या भाषेत बोलायला लावतो.

पलीकडच्या मंडळींनाही हेच सांगायचं आहे. कन्नड वाहिनीवर बेळगाव म्हणजे सुवर्ण विधानसौध ही विधिमंडळाची इमारत आणि राज्योत्सवाची, म्हणजे कर्नाटकाच्या स्थापनादिनाची, मिरवणूक. शहापूरच्या बोळातली मराठी तिथेही कापलेलीच असते. व्यासपीठावर दोन्ही बाजूंचे वक्ते ज्ञानेश्वरांचा 'कानडा' विठ्ठल आणतात आणि टाळ्या घेतात. पण आषाढीला इथून निघालेल्या दिंडीत अभंग कोणत्या उच्चारात म्हटले जातात हे कुणी जाऊन टिपलेलं नाही.

१ नोव्हेंबरचाच दिवस घ्या. सकाळी समितीच्या काळ्या दिनाची मूक सायकल फेरी निघते आणि पुढे राज्योत्सवाची मिरवणूक रंगते. कॅमेऱ्याला सकाळी काळे झेंडे आणि नंतर लाल-पिवळे झेंडे मिळतात, त्याचं काम झालं. माईक घेऊन उभं राहिलं तर वेगळं कळतं. फेरी मूक म्हणून निघते, पण शेकडो सायकलींच्या साखळ्यांचा, ब्रेकचा, खोकल्याचा एक आवाज असतो. मध्येच कुणाला राहवत नाही, घोषणा उठते, ती पसरते आणि पुन्हा विरते. कडेला दुकानाची शटरं ओढली जातात. मिरवणुकीत डॉल्बीचा दणका इतका की छातीत हादरे बसतात, आणि गाण्यांच्या मध्ये क्षणभर थांबलं की गर्दीतली पोरं एकमेकांना हाका मारतात, त्या दोन्ही भाषांत असतात. कुणाची बाजू न घेता, एकही शब्द न बोलता हा एक दिवस नुसता ऐकवला तरी बाहेरच्या माणसाला सीमाप्रश्न कोणत्याही निवेदनापेक्षा जास्त समजेल.

निवेदन काढलं तर बाहेरच्याला कळणार कसं, असं विचारणारे भेटतात. खाली अक्षरं द्या. वाचता वाचता कान मोकळा राहतो. फक्त 'कन्नडमध्ये बोलतात' एवढंच लिहून पुढे जाऊ नका, बोललेलं लिहा.

आवाज खरा असतो म्हणून तो आपोआप प्रामाणिक होतो असं मात्र मी म्हणणार नाही. याची सगळ्यात अवघड परीक्षा सौंदत्तीला लागते. यल्लम्माच्या डोंगरावर पौर्णिमेला चौंडकं वाजू लागलं, हजारो गळ्यांतून 'उदो उदो' निघाला की अंगावर काटा येतो. तो नाद कुठल्याही ध्वनिमुद्रकाला मोहात पाडेल. अनेकांना पाडलाही आहे. पण ज्या बाईच्या हातात चौंडकं आहे तिला लहानपणी देवीला सोडलेलं असू शकतं. कर्नाटकाने १९८२ च्या कायद्याने ही देवदासी प्रथा बंद केली, तरी त्यातून गेलेल्या बायका आजही आहेत. त्यांचं गाणं सुंदर आहे म्हणून टिपायचं आणि गाणं संपल्यावर, चौंडकं भिंतीला टेकवून त्या पेन्शनच्या चकरांबद्दल किंवा मुलाच्या दाखल्यावरच्या बापाच्या नावाबद्दल बोलू लागल्या की यंत्र बंद करायचं, ही निवेदन चढवण्याइतकीच चोरी आहे. माईक गाण्यानंतर चालू राहिला पाहिजे. आणि बाई म्हणाली 'आता बंद कर', तर त्याच क्षणी बंद झाला पाहिजे.

आपल्या देशात आवाज टिपण्याची परंपरा जुनी आहे, पण तिच्यात एक खोट होती. जॉर्ज ग्रियर्सन या ब्रिटिश अधिकाऱ्याच्या भाषा-सर्वेक्षणासाठी विसाव्या शतकाच्या पहिल्या तीन दशकांत तबकड्या काढल्या गेल्या. त्यांत बहुतेक ठिकाणी बोलणाऱ्याला एकच गोष्ट आपल्या बोलीत सांगायला लावली होती, बायबलातल्या उधळ्या मुलाची. बोली त्यांची, गोष्ट परक्याची. त्या तबकड्या अमोल आहेत, तरी त्या माणसांना त्या दिवशी काय सांगायचं होतं ते आपल्याला कधीच कळणार नाही. नंतर चांगलंही झालं. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी पुण्यातून सुरू केलेल्या कामात जात्यावरच्या लाखाहून अधिक ओव्या जमल्या, त्या आता 'पारी' या ग्रामीण भारताच्या संकेतस्थळावर बाईच्या नावागावासह ऐकायला मिळतात. बंगालमध्ये गायिका मौसुमी भौमिक आणि ध्वनिमुद्रक सुकांत मजुमदार २००३ पासून सीमेच्या दोन्ही बाजूंना, इकडे पश्चिम बंगालात आणि तिकडे बांगलादेशात, फिरून गाणी टिपत आले. १९३० च्या दशकात आर्नोल्ड बाके या डच अभ्यासकाने तिथे मेणाच्या नळकांड्यांवर आवाज घेतले होते, तेही त्यांनी त्या त्या गावांत नेऊन लोकांना परत ऐकवले. तिथे तर देशांची सीमा आहे. आमच्याकडे दोन राज्यांची आहे, एसटीने ओलांडता येते.

तेव्हा हे काम कुणी करायचं? दिल्ली-मुंबईहून कुणी येईल म्हणून थांबायला वेळ नाही. कडोली, उचगाव, येळ्ळूर अशा गावांत आमची ग्रामीण मराठी साहित्य संमेलनं भरतात, मांडव भरतो, लोक जेवणं वाढतात, ग्रंथदिंडी निघते. त्याच मांडवात एका कोपऱ्यात एक खोली, एक चांगला माईक आणि दोन कान देऊन बसणारी पोरं ठेवावीत. येणाऱ्या म्हाताऱ्या माणसाला विषय द्यायचा नाही. भाषा कोणती तेही सांगायचं नाही. जे बोलेल ते घ्यायचं, तारीख, गाव आणि त्याची परवानगी नोंदवायची, एक प्रत त्याच्या घरी द्यायची, एक वाचनालयात ठेवायची. कन्नड शेजारी आले तर त्यांचंही घ्यायचं. यावर संमेलनाच्या फ्लेक्सपेक्षा जास्त खर्च येत नाही. चित्रपट करायचा असेल त्याने पुढे येऊन तिथे बसून ऐकावं, मग कॅमेरा काढावा.

आज्जी तीन वर्षांपूर्वी गेली. त्या वाहिनीकडे तिचं पाऊण तासाचं न कापलेलं ध्वनिमुद्रण असेल म्हणून मी दोनदा फोन केला. कार्ड पुसून पुन्हा वापरतात असं उत्तर मिळालं. माझ्या फोनमध्ये तिचा सहा मिनिटांचा आवाज आहे, चुकून राहिलेला. त्यात ती फारसं बोलत नाही. भात पाखडते. सुपाचा आवाज आहे, समोरची गिरण चालू आहे, मध्येच ती कुणाला तरी "ऊटा आतेनरी?", जेवण झालं का, असं विचारते आणि पलीकडून शेजारच्या शिवक्काचं मराठीत उत्तर येतं, "झालं की गं, तुझं?"

शिवक्का आहे. पंच्याऐंशीच्या पुढची आहे. सुगीला, म्हणजे डिसेंबरात, मी पंधरा दिवस रजा टाकून गावाला चालले आहे. 'सुगी' दोन्ही घरांत सुगीच असते. गिरण चालूच ठेवायला सांगितलं आहे.